भूत नाही, बाधा नाही... ही तर मेंदूतली वीज!

दोस्तांनो, 10 ऑक्टोबरला काय असतं, सांगा पाहू? सामान्यज्ञानाच्या परीक्षेला बसणारा कुणीतरी चटकन म्हणेल, ‘जागतिक मानसिक आरोग्य दिन!’ शाबास! 1992 पासून तो जगभर पाळला जातो. पण हाच प्रश्न सोलापूरच्या शाळेत विचारला, तर आणखी एक उत्तर यायला हवं. 1910 साली याच तारखेला सोलापुरात डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचा जन्म झाला.

डॉ. कोटणीसांची गोष्ट तुमच्यापैकी बऱ्याच जणांना ठाऊक असेल. 1938 मध्ये जपानने चीनवर आक्रमण केलेलं होतं. जखमी सैनिकांची शुश्रूषा करायला भारतातून पाच डॉक्टरांचं पथक चीनला गेलं. त्यात मुंबईच्या जी. एस. मेडिकल कॉलेजात शिकलेले कोटणीस होते. 1940 मधल्या एका लढाईत त्यांनी सलग 72 तास झोप न घेता शस्त्रक्रिया केल्या. पुढे ते तिथल्या रुग्णालयाचे प्रमुख झाले, चिनी भाषा शिकले, ग्वो छिंगलान या परिचारिकेशी त्यांनी लग्न केलं. मुलाचं नाव ठेवलं ‘यिनह्वा’. ‘यिन’ म्हणजे भारत, ‘ह्वा’ म्हणजे चीन!

आणि मग 9 डिसेंबर 1942 रोजी, अवघ्या बत्तिसाव्या वर्षी, ते गेले. मुलगा तेव्हा साडेतीन महिन्यांचा होता. गोळी लागून नव्हे, बॉम्ब पडून नव्हे. डॉ. कोटणीस गेले ते अपस्माराने. म्हणजे आपण ज्याला ‘फिट येणं’, ‘फेफरं’ किंवा ‘मिरगी’ म्हणतो ना, त्या आजाराने.

आता खरा प्रश्न. इतका शूर, इतका हुशार माणूस. त्याला कोणी ‘झपाटलं’ होतं का? कोणाची नजर लागली होती का? तुम्ही लगेच म्हणाल, ‘छे! काहीतरीच काय!’ पण आपल्या गल्लीतल्या एखाद्या मुलीला फिट आली, की अजूनही कोणीतरी चप्पल हुंगवायला धावतं, कोणीतरी लिंबू उतरवतं आणि कोणीतरी हळूच म्हणतं, ‘बाहेरचं काहीतरी बघा बाई.’ कोटणीसांना एक न्याय आणि त्या मुलीला दुसरा, असं का?

चादरीवरचा मोर का बिघडला?

फिट म्हणजे नेमकं काय, ते समजून घ्यायला आपण सोलापूरच्याच यंत्रमागावर जाऊ या.

सोलापुरी चादरीवर मोर किंवा फुलं असतात, ती छापलेली नसतात, विणलेली असतात. मागाच्या वरच्या बाजूला जेकार्ड नावाचं यंत्र बसवलेलं असतं. त्यात भोकं पाडलेल्या पुठ्ठ्याच्या पट्ट्या फिरत असतात. कोणतं भोक कुठे आहे, त्यावरून कोणते उभे धागे उचलायचे आणि कोणते खाली ठेवायचे ते ठरतं. आधी हे धागे, मग ते धागे. प्रत्येकाने आपापल्या पाळीला उठायचं. तसं झालं, की मोर उमटतो. आता समजा, सगळे धागे एकदमच वर-खाली व्हायला लागले तर? मोर गायब! नुसता गोंधळ!

आपल्या मेंदूत सुमारे 86 अब्ज चेतापेशी आहेत. म्हणजे 8,600 कोटी! प्रत्येक पेशी अगदी बारीकसा विजेचा संदेश पाठवते. एका पेशीकडून दुसरीकडे जाताना हा संदेश बहुतेक वेळा रसायनाच्या रूपात जातो. तुम्ही हा लेख वाचताय, तेव्हा डोळ्यांच्या कामाच्या पेशी, भाषेच्या पेशी, आठवणींच्या पेशी आपापल्या पाळीने बोलताहेत. काही पेशींचं तर कामच मुळी इतरांना ‘जरा गप्प बसा’ म्हणून सांगण्याचं असतं. पण कधी कधी एखाद्या भागातल्या असंख्य पेशी एकदम, एकाच ठेक्यात बोलायला लागतात. नक्षी मोडते. यालाच म्हणतात फिट!

स्नायूंच्या कामाच्या पेशींत गोंधळ झाला, तर हातपाय झटके देतात. पण सगळ्याच फिट्स अशा नसतात. काही मुलं वर्गात बसल्या बसल्या पाच-दहा सेकंद नुसती एकटक बघत राहतात. बाई ओरडतात, ‘लक्ष कुठंय तुझं?’ बिचाऱ्याला आपलं काय हरवलं तेच कळत नाही. ही सुद्धा फिटच असू शकते! आणि कानशिलाच्या आतल्या भागात गोंधळ झाला, तर नसलेला वास येतो, एकाएकी प्रचंड भीती वाटते, किंवा ‘हे सगळं पूर्वी घडून गेलंय’ असं वाटतं. बाहेरून बघणाऱ्याला वाटणार, डोक्यावर परिणाम झालाय. असतो मात्र पेशींचा गलका.

याची कारणंही सापडतात. डोक्याला मार लागणं, जन्माच्या वेळी बाळाला प्राणवायू कमी पडणं, मेंदूला ताप चढणं. आपल्या देशात आणखी एक कारण बरंच आढळतं. डुकराच्या मांसातल्या एका पट्टकृमीची अंडी न धुतलेल्या भाजीतून किंवा घाणेरड्या पाण्यातून पोटात जातात आणि त्यांच्या अळ्या मेंदूपर्यंत पोचतात. म्हणजे शाकाहारी माणसालाही हा धोका आहेच. कोथिंबीर नीट धुऊन घेणारी आजी तुमच्या मेंदूची राखण करत असते, समजलं?

गेले होते शोधायला एक, सापडलं भलतंच

सुमारे 2,400 वर्षांपूर्वी ग्रीसमध्ये लोक अपस्माराला ‘पवित्र रोग’ म्हणत. देव अंगात शिरतो, असा समज. पण हिपोक्रेटिसच्या परंपरेतल्या एका वैद्याने लिहून ठेवलं, की हा रोग इतर रोगांहून काही जास्त पवित्र नाही, त्याचं मूळ मेंदूत आहे. आपल्या चरकसंहितेतही अपस्मार हा उपचार करण्याजोगा रोग म्हणूनच सांगितलेला आहे. पण हे सिद्ध कसं करणार? जिवंत माणसाच्या मेंदूतली वीज दिसणार कशी?

ती दाखवली हान्स बर्गर या जर्मन मनोविकारतज्ज्ञाने. त्याची मोठी गंमत आहे. तरुणपणी लष्करी सरावात तो घोड्यावरून पडला आणि तोफगाड्याखाली सापडता सापडता वाचला. त्याच दिवशी दूरच्या गावी त्याच्या बहिणीला एकाएकी वाटलं, की भाऊ संकटात आहे, आणि घरून चौकशीची तार आली. बर्गरला वाटलं, माझ्या मनातलं तिच्या मनात गेलं! तो ‘मनाच्या तारा’ शोधायला लागला. त्या काही सापडल्या नाहीत. पण 1924 मध्ये त्याने डोक्याला तारा लावून माणसाच्या मेंदूतल्या विजेच्या लहरींची पहिली नोंद केली. या लहरी टॉर्चच्या सेलच्या सुमारे तीस हजाराव्या हिश्शाएवढ्या बारीक! 1929 मध्ये त्याने हे प्रसिद्ध केलं, तेव्हा बरेच जण हसले. 1934 मध्ये केंब्रिजच्या एड्रियन आणि मॅथ्यूज यांनी तेच करून दाखवलं आणि हसणं थांबलं.

आज हीच तपासणी ‘ईईजी’ नावाने होते. त्यात टक लावून बघणाऱ्या त्या मुलाच्या लहरी चक्क दिसतात. एका सेकंदाला साधारण तीन, एकसारख्या! बघा, कालपर्यंत जे ‘भूत’ होतं, ते आता कागदावर रेघांत उतरलं.

आणि औषध? डॉ. कोटणीस चीनला निघाले त्याच 1938 साली अमेरिकेत मेरिट आणि पुटनम या दोन डॉक्टरांनी फेनिटॉइन हे औषध फिट्स थांबवतं, असं जाहीर केलं. ते आजही वापरात आहे. त्यानंतर कितीतरी नवी औषधं आली. जागतिक आरोग्य संघटना सांगते, की योग्य निदान आणि औषध मिळालं तर अपस्माराच्या शंभरांतल्या सत्तर रुग्णांना फिट्सशिवाय जगता येईल.

मनाच्या आजारांचं काय?

तुम्ही म्हणाल, ‘फिटचं पटलं. पण उदास वाटणं, भास होणं, हे तर मनाचे आजार. त्यांचा मेंदूशी काय संबंध?’

न्यूयॉर्कची एक गोष्ट ऐका. 2009 साली सुझाना कहालन ही चोवीस वर्षांची वार्ताहर एकाएकी बदलली. तिला भास व्हायला लागले, आपल्यामागे कोणी लागलंय असं वाटायला लागलं, मग फिट्स आल्या. काहींनी तिला वेडात काढलं. डॉ. सुहेल नज्जार यांनी तिला फक्त एक कागद दिला आणि सांगितलं, ‘घड्याळ काढ.’ तिने गोल काढला आणि एक ते बारा सगळे आकडे उजव्याच बाजूला कोंबले! डावी बाजू कोरी. डॉक्टरांना धागा सापडला. मेंदूचा उजवा भाग डावीकडे लक्ष ठेवतो, म्हणजे तिथेच काहीतरी सुजलंय. आणि खरंच, तिच्या शरीरातले रोगाशी लढणारे शिपाई चुकून स्वतःच्याच चेतापेशींवर तुटून पडले होते. हा आजार 2007 मध्येच डॉ. जोसेप डालमाऊ यांनी ओळखला होता. उपचार झाले, सुझाना बरी झाली आणि तिने स्वतःची हकीकत सांगणारं पुस्तक लिहिलं. काही वर्षं आधी आजारी पडली असती, तर तिच्या आजाराला नावही नव्हतं.

दुसरी गोष्ट आपल्या मुंबईची. सर्पगंधा ही वनस्पती आपले वैद्य शतकानुशतकं वापरत आले. 1931 मध्ये कलकत्त्याच्या गणनाथ सेन आणि कार्तिकचंद्र बोस यांनी लिहिलं, की ती रक्तदाब कमी करते आणि बेभान झालेल्या मनोरुग्णांना शांत करते. 1949 मध्ये मुंबईचे हृदयरोगतज्ज्ञ डॉ. रुस्तम जाल वकील यांनी रक्तदाबावरच्या तिच्या गुणाबद्दल ब्रिटनच्या वैद्यकीय मासिकात लेख लिहिला आणि जगाचे कान टवकारले. 1952 मध्ये स्वित्झर्लंडमध्ये तिच्यातलं रेसर्पीन हे द्रव्य वेगळं काढलं गेलं. लवकरच अमेरिकेत नेथन क्लाइन यांनी ते मनोरुग्णांना देऊन बघितलं. अनेक जण शांत झाले.

पण का? हे शोधताना खरी मेख सापडली. रेसर्पीन चेतापेशींमधला निरोप्या रसायनांचा साठा रिकामा करतं! 1957 मध्ये स्वीडनच्या आर्विद कार्लसन यांनी सशांना रेसर्पीन दिलं. ससे हलेनात. मग त्यांना एल-डोपा दिलं, ज्यापासून डोपामिन हा निरोप्या तयार होतो. थोड्याच वेळात ससे टुणटुण उठले! यावरूनच कंपवाताचं औषध निघालं आणि कार्लसन यांना 2000 साली नोबेल मिळालं. (मात्र सर्पगंधा घरात आणून प्रयोग करायचे नाहीत हं! त्या द्रव्याचे दुष्परिणाम मोठे, म्हणून आज मानसिक आजारांसाठी त्याहून चांगली औषधं वापरतात.)

मग काय, सगळं रसायनच?

थांबा! घाई नको. ‘अमुक रसायन कमी झालं म्हणून माणूस उदास झाला’ इतकं सोपं ते नाही. उदासीनतेची अनेक औषधं सेरोटोनिन या निरोप्याचं काम काही तासांत वाढवतात, पण बरं वाटायला काही आठवडे जातात. म्हणजे मधल्या काळात मेंदू आतून हळूहळू स्वतःची मांडणी बदलत असणार. सेरोटोनिन कमी पडल्यानेच नैराश्य येतं, याला ठाम पुरावा नाही, असं 2022 च्या एका मोठ्या आढाव्यात दिसून आलं. औषधांचा उपयोग मात्र पुष्कळांना होतो. नैराश्य किंवा स्किझोफ्रेनिया रक्त तपासून अजून कळत नाही. डॉक्टरांना रुग्णाशी आणि घरच्यांशी नीट बोलूनच निदान करावं लागतं.

आणि बोलण्याची ताकद काय असते, बघा. मंत्रचळ नावाचा आजार असतो. हात धुतले तरी धुतलेच नाहीत असं वाटतं, कडी लावली तरी पुन्हा पुन्हा तपासावीशी वाटते. 1992 मध्ये कॅलिफोर्नियात अशा काही रुग्णांच्या मेंदूची छायाचित्रं घेतली. निम्म्यांना औषध दिलं. उरलेल्यांना औषध न देता, समुपदेशकाच्या मदतीने, धुवावंसं वाटलं तरी न धुता थांबायचा सराव दिला. सुमारे दहा आठवड्यांनी पुन्हा छायाचित्रं काढली. जे बरे झाले, त्या दोन्ही गटांतल्या रुग्णांच्या मेंदूच्या एकाच भागातली जादा धावपळ कमी झाली होती! रुग्ण थोडेच होते, पण मुद्दा मोठा. गोळी मेंदूपर्यंत पोचते, तसं बोलणं आणि सरावही मेंदूपर्यंतच पोचतो. तेव्हा मानसशास्त्र की मेंदूविज्ञान, असं भांडण लावायचं कारण नाही. पोहायला शिकल्यावर बदलतो तो मेंदूच ना?

हे कळून काय उपयोग?

उपयोग खूप आहे. ‘नाटकं करतोय’, ‘मन घट्ट कर’, ‘लाड झालेत’ असं आपण टायफॉइड झालेल्याला म्हणतो का? नाही. मग सहा-सहा महिने अंथरुणातून उठू न शकणाऱ्या ताईला का म्हणायचं? 6 ऑगस्ट 2001 रोजी तमिळनाडूत एरवाडी इथे आग लागली. तिथे मनोरुग्णांना साखळदंडांनी बांधून ठेवलं होतं. त्यांना पळता आलं नाही. 28 जण मरण पावले. आजार समजून न घेण्याची एवढी मोठी किंमत! 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याने कोणत्याही रुग्णाला साखळीने बांधायला बंदी केली. भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणं हा महाराष्ट्रात 2013 पासून गुन्हा आहे. आणि फिट्स येतात म्हणून लग्न मोडायची मुभा हिंदू विवाह कायद्यात होती, तीही 1999 मध्ये काढून टाकली.

आईबाबा, हे तुमच्यासाठी. एका मोठ्या पाहणीनुसार मानसिक आजारांपैकी जवळजवळ निम्मे अठराव्या वर्षाच्या आत सुरू होतात. मुलाची झोप, भूक, अभ्यास, मित्र, सगळंच दोन-तीन आठवडे बिघडलेलं दिसलं, तर आधी रागावू नका, ऐकून घ्या. सिव्हिल हॉस्पिटलात हाडांचा विभाग असतो तसाच मनोविकारांचाही असतो. तिथे जाण्यात लाज कसली? ‘टेली मानस’ या सरकारी सेवेचा 14416 हा नंबर 10 ऑक्टोबर 2022 पासून सुरू आहे. फुकट आहे, मराठीतही बोलता येतं, आणि मुलांनीही फोन करायला हरकत नाही.

आणि दोस्तांनो, वर्गात कोणाला फिट आली तर काय कराल? एवढं पाठच करून ठेवा :

1. घाबरू नका. घड्याळ बघा, किती वेळ झाला ते मोजा.
2. आजूबाजूची बाकं, कंपासपेटी बाजूला करा. डोक्याखाली दप्तर नको, घडी घातलेला स्वेटर ठेवा.
3. हातपाय दाबून धरू नका. झटके थांबले, की एका कुशीवर वळवा, म्हणजे लाळ बाहेर येईल.
4. तोंडात काहीही घालू नका. चमचा नाही, पाणी नाही, बोट तर नाहीच नाही!
5. कांदा, चप्पल, किल्ली यांनी फिट थांबत नाही. ती बहुतेक वेळा दोन-तीन मिनिटांत आपोआप थांबते, म्हणून त्यांचा गुण आला असं वाटतं.
6. पाच मिनिटांवर गेली, किंवा लागोपाठ आली, तर 108 ला फोन करून रुग्णवाहिका बोलवा.
7. तो शुद्धीवर आला, की भोवतालची गर्दी हटवा. एकाने शेजारी बसा. आणि दुसऱ्या दिवशी डबा खायला नेहमीसारखं त्याच्याच बाकावर जा.

सोलापूरला भैय्या चौकात डॉ. कोटणीसांचं स्मारक आहे. सहलीला गेलात तर जरूर बघा. तिथे उभं राहून कोणी विचारलं, ‘हे कशाने गेले रे?’ तर आवाज खाली न करता सांगा, ‘अपस्माराने. मेंदूचा आजार आहे तो.’